ओवळखोऱ्याचं पंचांग : प्रकल्प नोंदी

६ जून २०२३, सातारा

ओवळखोरं हा मी कल्पनेने रचलेला देश. त्यावरच्या कादंबरीची सात प्रकरणं लिहून झाली, आठव्याला अडले. आठव्या प्रकरणात माझी नायिका भागी दरबारात उभी राहून म्हणते, "तुमचा दिवस चुकलाय." हे वाक्य मला केव्हापासून लिहायचं होतं. पण ओवळखोऱ्याचं जे पंचांग मी बनवलं होतं त्यात दिवस चुकायला जागाच नाही. बारा महिने, प्रत्येकी तीस दिवस, वर्ष ३६० दिवसांचं. सगळं एकमेकांत चपखल बसलेलं. अशा देशात पंचांगावरून भांडणार कोण?

आज रायगडावरचा राज्याभिषेक सोहळा टीव्हीवर पाहत होतो. सासूबाई म्हणाल्या, "परवाच तर झाला होता की गं." खरं आहे. २ जूनला ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी होती म्हणून तिथीने, आणि आज तारखेने. त्यातही ६ जून १६७४ ही इंग्रजांच्या नोंदीतली तारीख त्यांच्या जुन्या ज्युलियन गणनेतली. आजच्या गणनेने तो दिवस १६ जून येतो. त्याच दिवसाला शके १५९६ म्हणायचं, मराठी कागदांत तोच सुहूर सन १०७५, म्हणजे अरबी शब्दांत 'खमस सबैन अलफ' (पाच, सत्तर, हजार), आणि त्याच दिवसापासून राज्याभिषेक शकाचं पहिलं वर्ष. एका सकाळीला एवढे पत्ते. माझ्या जगाकडे एकच पत्ता होता, तोही गोल आकड्यांचा.

३६० चं पंचांग आज रद्द केलं.

१८ जून २०२३

पूर्ण रविवार आकड्यांत गेला. आधी आपलं काय आहे ते कागदावर मांडलं. अमावास्येपासून अमावास्येपर्यंत सरासरी २९.५३ दिवस. असे बारा महिने ३५४.३७ दिवसांचे. ऋतूंचं वर्ष ३६५.२४ दिवसांचं. दरवर्षी जवळपास अकरा दिवस उरतात, आणि साधारण साडेबत्तीस महिन्यांनी ते साठून अधिक मास होतो. आपल्या सगळ्या सणवारांची ये-जा या अकरा दिवसांवर चालते. एकोणीस वर्षांत २३५ चांद्रमास जवळजवळ बरोबर बसतात, त्यात सात अधिक.

मला असंच काही हवं होतं, पण आपलं उचलायचं नव्हतं. ओवळखोऱ्याच्या आकाशात दोन चंद्र आहेत. लोक त्यांना थोरली आणि धाकली म्हणतात. आता थोरलीचा महिना ३४.२२ दिवसांचा ठरवला आणि वर्ष ३८८.२५ दिवसांचं. अकरा महिने भरले की ३७६.४२ दिवस होतात. उरले ११.८३. म्हणजे सुमारे २.९ वर्षांनी एक जादा महिना. एकोणतीस वर्षांत दहा.

३२९ महिने म्हणजे ११२५८.३८ दिवस. २९ वर्षं म्हणजे ११२५९.२५ दिवस. फरक ०.८७ दिवस. हा फरक मिटवायचा मोह झाला होता, दशांशात एक आकडा बदलला की काम होत होतं. पण नाही बदलला. पूर्ण एक दिवससुद्धा नसलेलं हे उरलेलंच मला पुढे लागणार आहे, असं आतून वाटतंय.

२५ जून २०२३

मृग कोरडा गेला. आज आर्द्रात पावसाने तोंड दाखवलं. अजिंक्यतारा सकाळपासून ढगात.

पावसाची नक्षत्रं म्हणजे सूर्य ज्या नक्षत्रात असतो ती, साधारण तेरा-चौदा दिवसांची एकेक. मृग, आर्द्रा, मग पुनर्वसूचा तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा. शेतकऱ्याचं खरं पंचांग हेच, त्यात चंद्राला जागा नाही. सुहूर सनाचं वर्षसुद्धा मृगापासूनच सुरू व्हायचं, म्हणून त्याला मृगसाल म्हणत. म्हणजे एकाच गावात सणांसाठी चंद्र, पेरणीसाठी सूर्य आणि वसुलीसाठी तिसराच हिशेब. ओवळखोऱ्यात हे हवं.

आणखी एक गोष्ट टिपून ठेवते, कारण ती माझ्या ०.८७ ची सख्खी बहीण आहे. आपला मृगही सरकतो. नक्षत्रांचं वर्ष ऋतूंच्या वर्षापेक्षा सुमारे वीस मिनिटांनी मोठं आहे. वीस मिनिटं म्हणजे काहीच नाही, पण सत्तर-एकाहत्तर वर्षांत त्याचा एक दिवस होतो. राज्याभिषेकापासून आजवर मृग ऋतूंच्या मानाने जवळपास पाच दिवस पुढे आलाय. मकरसंक्रांतीचंही तेच. स्वामी विवेकानंदांचा जन्म १८६३ च्या संक्रांतीचा, तेव्हा तारीख होती १२ जानेवारी. आता आपण तिळगूळ १४ ला नाहीतर १५ ला वाटतो.

९ जुलै २०२३

भाचा दोन दिवस राहायला आलाय. माझं वहीतलं गणित त्याने एक्सेलमध्ये घातलं आणि दोन चुका दाखवल्या.

पहिली धाकलीची. तिची फेरी मी ८.६ दिवसांची धरली होती, तिच्या पौर्णिमेला आठवडे बाजार. (बाजार आठ किंवा नऊ दिवसांनी येतो. लोक आकडा मोजत नाहीत, वर बघतात.) थोरली आणि धाकली एकाच रात्री पूर्ण दिसतात ती 'बहिणींची भेट', आणि ती फार दुर्मीळ असं मी तिसऱ्या प्रकरणात लिहून बसले होते. भाचा म्हणाला, "मावशी, चार धाकल्या म्हणजे ३४.४ दिवस. थोरलीपेक्षा फक्त ०.१८ जास्त. एकदा भेट झाली की पुढच्या महिन्यातही जवळपास होणारच." बरोबर आहे. पाच-सहा महिने लागोपाठ भेटी होतात, मग त्या फाकत जातात आणि जवळपास पावणेचार वर्षं भेट नाही. हे माझ्या कल्पनेपेक्षा कितीतरी चांगलं आहे. माहेरी आलेली बहीण एका रात्रीत परत जात नाही. तिसरं प्रकरण पुन्हा लिहायचं. लग्नं भेटीच्या महिन्यांत, आणि त्या काळात न जमलेलं लग्न चार वर्षं लांबतं.

भेटीचं मूळ माझ्या मनात लहानपणापासूनचं आहे. जुन्या महाबळेश्वरच्या पंचगंगा मंदिरात कृष्णा, वेण्णा, कोयना, सावित्री, गायत्री बाराही महिने वाहतात, पण भागीरथी बारा वर्षांनी आणि सरस्वती साठ वर्षांनी येते, असं आजोबा सांगायचे. बारा म्हणजे गुरूची फेरी. गुरू कन्या राशीत आला की वाईला, नरसोबाच्या वाडीला कन्यागताचा पर्वकाळ लागतो, मागचा २०१६ मध्ये झाला. पण गुरूची फेरी पुरती बारा वर्षांची नाही, ११.८६ वर्षांची आहे. सात फेऱ्यांना ८४ ऐवजी ८३ वर्षं लागतात. श्रद्धेच्या आकड्यालाही शिल्लक चुकत नाही.

दुसरी चूक मोठी. दरबाराने पेरणीचा दिवस '१ पेरा', म्हणजे पेरा महिन्याचा पहिला दिवस, असा ठरवून दिलाय, असं मी गृहीत धरलं होतं. एक्सेलमध्ये एकोणतीस वर्षं ओढून पाहिली तर १ पेरा ऋतूंच्या मानाने चौतीस दिवसांच्या पट्ट्यात मागेपुढे झुलतो. आपली गणेशचतुर्थी साधारण २२ ऑगस्टपासून १९ सप्टेंबरपर्यंत झुलते तसा. एवढ्या झुलत्या दिवसाला कोण पेरील? पहिल्या वर्षीच राज्य बुडालं असतं. यावर तोड सुचेपर्यंत आठवं प्रकरण बंद.

१७ जुलै २०२३

आषाढी अमावास्या. कणकेचे दिवे केले. उद्यापासून अधिक श्रावण.

दिवे ओवाळताना आलेला प्रश्न: थोरली दिसली की महिना सुरू, असं मी ठेवलंय. पण साताऱ्यात राहणारी बाई हे कसं विसरली? जुलैत इथे दोन-दोन आठवडे चंद्र दिसत नाही, आणि ओवळखोऱ्याचा पाऊस तर मी कास-बामणोलीवर बेतलाय. मग पावसाळ्यात महिना लागल्याचं कोण सांगणार?

उत्तर: मोजणकरीण. देवळात बसून रोज एक खडा रांजणात टाकणारी बाई. तिचा नियम साधा आहे. चार महिने चौतीस खड्यांचे, पाचवा पस्तीसचा, आणि पन्नास महिन्यांनी एक खडा जास्तीचा. सरासरी बरोबर ३४.२२ येते. भाच्याला फोन करून पडताळून घेतलं.

आपल्यासारख्या तिथी ओवळखोऱ्यात ठेवायच्या नाहीत हेही ठरवलं. चंद्र एका वेगाने चालत नाही म्हणून तिथी लहानमोठ्या होतात. जुन्या गणकांचं सूत्र 'बाणवृद्धी रसक्षय', म्हणजे साठ घटींची (एक घटी चोवीस मिनिटांची) तिथी वाढली तर पाच घटींनी, घटली तर सहा. प्रत्यक्ष आकाशात पाहिलं तर ती सातने वाढते आणि दहाने घटते, म्हणून दुसरं सूत्र 'सप्तवृद्धी दशक्षय'. या दोन सूत्रांवरून आपल्याकडे पंचांगकर्त्यांत केवढे वाद झाले. मोह होता, पण भागी खडे मोजणारी मुलगी आहे. तिला घटिकापात्र दिलं तर ती वेगळीच कुणी होईल.

भागी मोजणकरणीच्या हाताखाली आहे, हेही आज पक्कं झालं. आतापर्यंत ती नुसतीच हुशार होती. आता तिला काम आहे.

१ ऑगस्ट २०२३

आजची नोंद लांबणार.

आत्याचा वाढदिवस. साताऱ्याजवळच्या लिंब गावाला गेले होते. तिचा जन्म १ ऑगस्ट १९६६ चा, अधिक श्रावणी पौर्णिमेचा. आज १ ऑगस्ट, आणि आजही अधिक श्रावणातलीच पौर्णिमा. एकोणीस वर्षांच्या तीन फेऱ्या म्हणजे सत्तावन्न वर्षं, म्हणून तारीख आणि तिथी पुन्हा एका जागी आल्या. ओवाळताना हे तिला सांगितलं. ती म्हणाली, "मला कशाला सांगतीस? आई म्हणायची, हिचा वाढदिवस देवाच्या मर्जीनं येतो." तिची तिथी १९७७ ला आली, १९८५ ला आली, २००४ ला आली, आणि आज. मधल्या बहुतेक अधिक महिन्यांनी दुसरीच नावं घेतली होती, आणि नुसत्या श्रावणातली पौर्णिमा आजीने कधी मानली नाही.

जेवणं झाल्यावर मी सहज विचारलं, "तुमच्याकडे सालगडी होता ना? त्याचं साल कसं धरायचे?"

"पाडव्याला पाडवा."

"आणि धोंडा आला की?"

आत्या थोडा वेळ गप्प बसली. मग तिने १९७७ ची आठवण सांगितली. तेव्हाही अधिक श्रावण होता, ती अकरा वर्षांची. साल ठरलेलं, धान्य ठरलेलं, आणि वर्ष तेरा महिन्यांचं. गडी पडवीत येऊन बसला. मागितलं काहीच नाही, नुसता बसून राहिला. आत्याची आई आतून आली आणि वडिलांना म्हणाली, "जावयाला तेहतीस अनारसे द्यायचे, त्यांचं वाण चुकवायचं नाही, आणि ह्याच्या घरात महिनाभर काय शिजायचं?" त्या दिवशी दोन पायल्या ज्वारी जास्तीची गेली. "पण ती मागावी लागली नसती तर बरं झालं असतं," आत्या म्हणाली. "आम्हा पोरींना नव्या बांगड्या होत्या त्या महिन्यात."

मी येताना बारा मोटेच्या विहिरीपाशी थांबले. पाऊस भुरभुरत होता. तिथल्या शिळालेखात शके १६४१ ते १६४६ असा बांधकामाचा काळ कोरलेला आहे, म्हणजे १७१९ ते १७२४. वीरूबाई भोसल्यांनी बांधलेली ही विहीर मी शंभरदा पाहिली असेल. आज तो लेख पाहताना मनात एकच गोष्ट होती: दगडावर वर्ष कोरता येतं, पण त्या वर्षात किती महिने कुणी फुकट राबलं ते कोरलेलं नसतं.

घरी येऊन हिशेब केला. ओवळखोऱ्यातल्या जादा महिन्याला आता 'उसना महिना' म्हणायचं. भागीचा बाप सालगडी. एकोणतीस वर्षांत दहा उसने महिने, म्हणजे ३४२ दिवस. त्यांचं वर्ष ३८८ दिवसांचं. माणूस तरणा असताना चाकरीला लागला आणि म्हातारा होऊन सुटला, तर जवळपास एक अख्खं वर्ष त्याने कुणाच्याही वहीत नसलेलं काम केलं.

मी दोन महिने उरलेल्या दिवसांचं काय करायचं हेच शोधत होते. खरा प्रश्न ते कुणाच्या खांद्यावर टाकायचे हा होता. भागी दरबारात का जाते हे मला आज कळलं.

आणि भागीचा जन्म उसन्या महिन्यातला. हे आत्याकडून घेतलं. विचारून घेतलं.

५ ऑगस्ट २०२३

उसने महिने चक्राच्या ३, ६, ९, १२, १५, १८, २१, २४, २७ आणि २९ व्या वर्षी. शेवटचा दोनच वर्षांनी येतो, त्यामुळे चक्राचा शेवट लोकांना जड जातो. कथा २९ व्या वर्षात घडते.

पेरणीच्या दिवसावरची तोडही लिंबच्या दगडानेच दिली. दरबाराचा दिवस एक नाही, एकोणतीस आहेत. पहिल्या राजाने आपल्या काळच्या पावसावरून चक्रातल्या प्रत्येक वर्षाला पेरणीचा वेगळा दिवस काढला आणि एकोणतीस ओळींचा शिळालेख देवळासमोर उभा केला. काम चोख होतं. त्या माणसाला मी कुठेही मूर्ख दाखवणार नाही.

२० ऑगस्ट २०२३

निज श्रावण लागून चार दिवस झाले. पाऊस नाही. महिन्याभरात धड सर आलेली नाही, माणच्या बाजूला टँकरच्या गोष्टी चालल्यात. पेरलेलं उन्हाने माना टाकतंय. बाजारात दोघे जण दुबार पेरणीबद्दल बोलत होते, त्यांतल्या एकाने बियाण्याच्या पिशवीचा भाव सांगितला आणि दोघेही गप्प झाले.

आज ०.८७ चा हिशेब पूर्ण केला. प्रत्येक चक्रात शिळालेख ०.८७ दिवसाने अलीकडे सरकतो. एकवीस चक्रांत, म्हणजे ६०९ वर्षांत, १८ दिवस. शिळालेखाच्या दिवशी पेरायचं ही सक्ती आहे, आणि पाऊस आता त्यानंतर अठरा दिवसांनी येतो. सगळं खोरं धूळपेर करतं आणि अठरा दिवस मुंग्या बी उचलून नेतात. थोरल्या वाड्यांकडे दुसऱ्या पेरणीचं बी असतं. बाकीचे ते वाड्यांकडून उसनं घेतात आणि दीडपट फेडतात. शिळालेख बदलू नये असं वाड्यांना का वाटतं, ते वेगळं लिहायची गरज उरली नाही.

कुणी ठरवून कट केलेला नाही. सहाशे वर्षांत अठरा दिवस, एका पिढीला एक दिवससुद्धा जाणवत नाही. आजा म्हणायचा पूर्वी पाऊस वेळेवर यायचा, आणि बाप तेच म्हणतो.

आता एवढंच राहिलं: शिळालेख चुकतोय हे भागी सिद्ध कशी करणार? पाऊस दरवर्षी मागेपुढे होतो. दरबार म्हणणार, यंदा उशीर झाला.

१५ सप्टेंबर २०२३

रजा टाकून कासला. शनिवार-रविवारची गर्दी नको होती. यवतेश्वरचा घाट चढताना धुकं, वर पठारावर ऊन. तेरड्याचा गुलाबी पट्टा, मध्ये गेंदाचे पांढरे ठिपके, ओल्या खडकावर सीतेची आसवं. खाली वाकून बघायची फुलं आहेत ही, उभ्याने दिसत नाहीत.

पठारावर देखरेखीला असलेल्या, जवळच्याच गावातल्या एक काकू बरोबर चालत होत्या. टोपली कारवीचं विचारलं तर म्हणाल्या, "ती सात वर्सांनी. माझं लगीन झालं तवा फुलली हुती, मग थोरल्याच्या येळंला, मग धाकट्याच्या." वर्षाचा आकडा त्यांनी एकदाही घेतला नाही.

मी वाटेतच बसून वही काढली.

ओवळखोऱ्यात एक झुडूप, झुंबरी. सात वर्षांनी एकदा, पाऊस लागल्यापासून ठरावीक दिवसांनी फुलते. (आपली कारवी कधी सातला, कधी आठला फुलते. झुंबरी मात्र पक्की सातची ठेवते, आणि एखाद्या वर्षाच्या पावसाच्या लहरीने ती हलत नाही. एवढी सूट माझ्या जगाने मला द्यावी.) बायका वय बहरांत सांगतात: भागी दोन बहरांची आहे. सात आणि एकोणतीस यांचा मेळ २०३ वर्षांनी बसतो. म्हणजे चक्राच्या त्याच वर्षी झुंबरी फुललेली पाहायची तर २०३ वर्षं थांबावं लागतं. आणि २०३ च्या तिप्पट ६०९.

हे ६०९ मी कासला जाण्याआधी मांडलेले आहेत, २० ऑगस्टची नोंद वर आहे. वहीवर आकडा उतरला तेव्हा अंगावर काटा आला.

मोजणकरणींच्या देवळात प्रत्येक बहराची खडूने काढलेली ओळ आहे. चक्राच्या २९ व्या वर्षातले बहर फक्त चार. पहिला भिज महिन्याच्या ३ तारखेला. दुसरा ९ ला. तिसरा १५ ला. चौथा, भागीच्या डोळ्यांसमोरचा, २१ ला. दर वेळी सहा दिवस. यंदा उशीर झाला असं चार वेळा, सारख्या अंतराने, कुणाला म्हणता येणार नाही.

१९ सप्टेंबर २०२३

गणपती बसले. गेल्या वर्षी ३१ ऑगस्टला बसले होते. मोदक वळता वळता आत्याला फोनवर चार ओळी वाचून दाखवल्या. तिने विचारलं, "मग त्या पोरीच्या बापाला मिळतं का काही?"

मी अजून ठरवलं नव्हतं.

१ ऑक्टोबर २०२३

आठवं प्रकरण झालं. पहाटे चारला उठून एका बैठकीत.

दरबार शिळालेख बदलत नाही. पण मोजणकरीण देवळासमोर दुसरा दगड उभा करते, कोरा, आणि दर बहराला त्यावर एक रेघ ओढायची असं ठरतं. खोऱ्यातल्या निम्म्या लोकांनी त्या दगडाकडे बघून पेरायला सुरुवात केलीय. माझ्या जगात आता दोन पंचांगं आहेत आणि दोन्हींना माणसं आहेत.

भागीच्या बापाचं आत्याला वाचून दाखवलं ते असं:

"उसन्या महिन्याच्या पहिल्या सकाळी भागीने रांजणात खडा टाकला. मग दुसरा खडा घेऊन ती वाड्यावर गेली आणि धन्याच्या उंबऱ्यावर ठेवला. काही बोलली नाही. दुसऱ्या दिवशी आणखी एक ठेवला. नवव्या दिवशी धाकली पुरी झाली, बाजार भरला, आणि बाजाराला निघालेल्या सगळ्यांनी उंबऱ्यावरचे नऊ खडे मोजले."

आत्या म्हणाली, "चौतीस होईस्तोवर थांबायला लावू नकोस तिला."

अकराव्या दिवशी वाड्यातून धान्य येतं. तेवढं आज दुरुस्त केलं.